चौदा महिन्यांची हजेरी

दिवाणी कोर्टात मला विचारलं, हे मस्टर तुम्ही स्वतः भरता का? मी हो म्हणालो. अपघाताच्या आधीच्या वर्षात या माणसाच्या नावापुढे एका तरी दिवसाची हजेरी आहे का? मी पान उलटून पाहण्याचं नाटक केलं आणि नाही म्हणालो. कागदाप्रमाणे दोन्ही उत्तरं बरोबर होती. पण त्या उत्तरांनी मी समोर बसलेल्या पंगू माणसाला खोटं पाडत होतो, आणि हे मला तिथे उभा असतानाच पुरतं ठाऊक होतं. चूक माझी होती. ती माझ्याकडून कुणी करवून घेतली नाही. हे सुरुवातीलाच लिहून टाकतो, कारण पुढे लिहिताना मी हळूहळू स्वतःची बाजू घेऊ लागेन अशी मला भीती आहे.

मी तेव्हा लालबागच्या एका गिरणीत टाइमकीपर होतो. राहायला गिरगावात, चाळीतल्या दोन खोल्यांत. सकाळी ट्रामने निघायचं आणि भोंगा व्हायच्या आत खिडकीत बसायचं. कायम कामगाराकडे त्याच्या नंबराचं तिकीट असे. ते त्याने खिडकीत दाखवलं की मी मस्टरात त्या नंबरापुढे खूण करी. ज्यांना कायम काम नाही ते बदलीवाले. ते रोज दारात उभे राहत. कुणी कायमचा आला नाही, की खात्याचा मुकादम, म्हणजे जॉबर, त्यांच्यातल्या एकाला आत घेई. बाकीचे घरी परत.

हा माणूस साचेखात्यातला, म्हणजे कापड विणायच्या मागांवरचा, बदलीवाला होता. कोकणातला, तिशीच्या आतबाहेरचा, सडपातळ. चारशे साचे एकदम चालत असताना आपल्या साच्यावर धागा तुटला तर याला कानाने कळतं, असं जॉबर कौतुकाने सांगे. त्याचा चुलतभाऊ त्याच खात्यात कायम होता. दोघंही डिलाईल रोडच्या एका चाळीत, एकाच खोलीत राहत. चुलतभावाला खोकल्यातून रक्त पडू लागलं आणि तो गावी गेला. तेव्हा जॉबर माझ्या खिडकीशी आला.

"तीन महिन्यांचा प्रश्न आहे, भाऊसाहेब. रजा लावलीत तर पगार बंद, गैरहजेरी लावलीत तर त्याचं तिकीट जाणार. हा त्याच्या तिकिटावर उभा राहील. भाऊभाऊच आहेत."

मी म्हणालो, नंबर एकाचा आणि तोंड दुसऱ्याचं, हे कसं चालेल?

"तोंडं बघायला तुम्ही काय मुलगी पसंत करायला बसलाय? तुमचं काम नंबर बघायचं. आणि कागदाचं एवढं सोवळं गिरणीत कोण पाळतं, ते मला सांगू नका."

ते खरंच होतं. शिमग्याला, गणपतीला माणसं गावी जात आणि त्यांच्या तिकिटांवर दुसरी माणसं उभी राहत. पंधरा दिवस, महिना. माझ्या आधीच्या टाइमकीपरनेही ते चालू दिलं होतं. मीही दिलं. तीन महिन्यांचे सहा झाले, सहाचे चौदा. रोज सकाळी तो खिडकीत तिकीट धरी, "भाऊसाहेब" म्हणून हसे आणि मी त्याच्या भावाच्या नंबरापुढे खूण करी. त्याच्या स्वतःच्या नावापुढची घरं रिकामी राहत. पगाराच्या दिवशी तो भावाच्या नावाने पैसे घेई, त्यातले काही गावी पाठवी. उन्हाळ्यात गावाहून माझ्याकडे आमसुलं आणि काजू येत. ते मी घरी नेत असे. त्याला मी तेव्हा लाच म्हणत नव्हतो.

अपघात झाला तो पहिली पाळी सुटल्यावर, दुपारी. रे रोडच्या वखारीतून सागाचे ओंडके भरून निघालेली लॉरी डिलाईल रोडच्या वळणावर फुटपाथवर चढली. आणखी कुणाला काही झालं नाही. याचा उजवा पाय मागच्या चाकाखाली सापडला.

मी बातमी ऐकली आणि तसाच इस्पितळाकडे धावलो. हे सगळ्यांनी पाहिलं. एक कारकून एका बदलीवाल्यासाठी धावतो, याचं पुढे कितीतरी दिवस गिरणीत कौतुक झालं. मी का धावलो ते मात्र कुणाला कळलं नाही. त्याच्या सदऱ्याच्या खिशात भावाचं तिकीट होतं. पोलीस जबानी घ्यायला आले आणि ते त्यांच्या हाती पडलं, तर चौदा महिने कुणाच्या खुणेने काय चाललं होतं ते बाहेर येणार होतं.

तो व्हरांड्यात स्ट्रेचरवर होता. कमरेखाली चादर टाकलेली. मी वाकलो आणि कसा आहेस, असं विचारत असतानाच माझा हात त्याच्या खिशाकडे गेला. त्याने डोळे उघडले. मला वाटलं, तो आता ओरडेल. त्याने स्वतःच खिसा चाचपला आणि तिकीट माझ्या हातात दिलं.

"ठेवा तुमच्याकडे," तो म्हणाला. "दादाचं तिकीट जाता कामा नये."

त्याला भावाची काळजी होती. मला माझी होती. तिकीट मात्र एकच होतं, त्यामुळे आम्ही दोघं एकाच बाजूचे आहोत असं त्याला वाटलं, आणि मी ते तसंच वाटू दिलं.

दुसऱ्या दिवशी मी त्याच्या भावाची आजारपणाची रजा लावली. जॉबरने काही विचारलं नाही.

पाय गुडघ्याखालून कापावा लागला. साचेवाला आठ तास उभा असतो. दोन साच्यांच्या मधल्या अरुंद जागेत त्याची सतत ये-जा असते. कुबडी घेऊन ते काम होत नाही. घरात बायको, दोन लहान मुलं, आणि गावी आजारी भाऊ. लॉरीवाल्याकडून भरपाई मिळाली तरच पुढे काहीतरी उभं करता येणार होतं. त्याची बायको वकिलाबद्दल विचारायला माझ्याकडे आली आणि मी तिला आमच्याच मजल्यावरच्या वकीलसाहेबांकडे नेलं. ते वयाने माझ्या वडिलांच्या जवळपासचे, पैशाच्या मागे न लागणारे. त्यांनी खटला घेतला. तू पुण्याचं काम केलंस, असं ते मला म्हणाले.

दाव्यात त्यांनी लिहिलं, की हा माणूस गिरणीत रोज साच्यावर काम करत होता. मागितलेली भरपाई त्याच हिशोबाने होती. लॉरीच्या विमा कंपनीच्या वकिलाने गिरणीचं मस्टर मागवलं, आणि मस्टर घेऊन जायचं काम माझ्याकडे आलं.

पुढचं मी वर लिहिलंच आहे. साक्ष देऊन खाली उतरताना मी त्याच्या बाकाजवळून गेलो. तो तोंड उघडेल, हा रोज माझी हजेरी घेत होता असं सांगेल, या भीतीने मी मस्टर छातीशी धरून भराभर चाललो. तो गप्प राहिला. भाऊ अजून जिवंत होता आणि बरा होऊन परत यायच्या गोष्टी पत्रांतून करत होता. त्याची नोकरी राहावी म्हणून या माणसाने स्वतःला बेकार ठरवून घेतलं. निकाल लागला. लॉरीवाल्याची चूक कोर्टाने मान्य केली, पण भरपाई दिली ती अधूनमधून मजुरी करणाऱ्या माणसाची. निकालपत्रात एक वाक्य होतं, की आपण गिरणीत रोज काम करत होतो हे वादीचं म्हणणं विश्वास ठेवण्याजोगं नाही. वकीलसाहेबांनी ते मला मराठीत समजावून सांगितलं. मला त्याची गरज नव्हती.

त्यांनी हायकोर्टात अपील दाखल केलं. भरपाई वाढवून मिळावी, एवढीच मागणी.

अपील पडून होतं त्या काळात त्याचा भाऊ गावी वारला. आता सांभाळायला तिकीट उरलं नव्हतं. माझ्या मनाच्या तळाशी एक सबब होती, की मी गप्प आहे तो त्या आजारी माणसासाठी. ती भावाबरोबरच गेली.

भावाचे दिवस झाल्यावर त्याने वकीलसाहेबांना सगळं सांगितलं. त्याच संध्याकाळी वकीलसाहेबांनी मला बोलावलं. रागावतील असं वाटलं होतं. त्यांनी चहा मागवला.

"सहीनिशी एक पान हवंय मला तुझं," ते म्हणाले. "तो भावाच्या नंबरावर रोज उभा राहत होता, आणि तू ते डोळ्यांनी पाहत होतास. एवढंच. अपिलात नवा पुरावा कोर्ट सहसा घेत नाही. पण ज्याच्या साक्षीवर निकाल लागला तोच माणूस येऊन माझं सांगणं अपुरं होतं म्हणतो, तर निदान ऐकून तरी घेतील."

मी म्हणालो, त्याच्यावरच तोतयेगिरीचा आरोप येईल.

"लबाडी गिरणीशी झाली. लॉरीवाल्याशी नाही. हात त्याचे रोज साच्यावर होते, ते मला दाखवू दे. पुढचं मी बघतो."

साचेखात्यातलं कुणी साक्षीला येणार नाही का, असं मी विचारलं. दोघं येतील, ते म्हणाले, पण त्यांचा तोंडी शब्द एका बाजूला आणि मी शपथेवर बरोबर म्हटलेलं मस्टर दुसऱ्या बाजूला. मस्टर खोडायचं तर ते भरणारा माणूसच हवा. मग ते म्हणाले, "नोकरीला धोका आहे, हे मी लपवत नाही तुझ्यापासून."

मी विचार करून सांगतो म्हणालो.

संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीचे ते दिवस. आमच्या चाळीची समिती होती आणि मी तिच्यात पुढे होतो. माझं अक्षर चांगलं, म्हणून जिन्याखालचा फळा माझ्याकडे होता. सभा कुठे, मोर्चा किती वाजता, कोणत्या बाजूने निघणार, ते मी रोज लिही. खाली चार ओळी माझ्या स्वतःच्या असत. न्याय मागून मिळत नसेल तर काय करायचं, अशा धाटणीच्या. येणारेजाणारे थांबून वाचत. एकदा मी खडूने न्याय हा शब्द ठळक करत असताना वकीलसाहेब मागे येऊन उभे राहिले. त्यांनी पूर्ण फळा वाचला.

"अक्षर सुंदर आहे रे तुझं," ते म्हणाले. "ह्याच अक्षरात मला ते एक पान दे."

आजूबाजूला समितीची माणसं होती. कसलं पान, असं एकाने विचारलं. मी हसून विषय बदलला. त्या दिवसापासून मी त्यांच्या दारावरून जायचं टाळू लागलो. चाळीला मागे आणखी एक जिना होता, संडासाच्या बाजूने. मी तो वापरू लागलो. ते भेटलेच तर म्हणायचो, हरताळ आहे, मोर्चा आहे, जरा हे वातावरण निवळू दे. मोर्च्यात मी मनापासून ओरडत होतो, हे खोटं नाही. शिवाजी पार्कच्या सभांतून घरी येताना माझा घसा बसलेला असे. पण आता कळतं, की त्या गर्दीत मला बरं वाटत होतं, कारण तिथे माझ्याकडे एकट्याने काही करायची मागणी नव्हती.

अपिलाची तारीख जवळ आली तशी त्याची बायको आमच्याकडे आली. मधल्या काळात तिने राहत्या खोलीत खानावळ सुरू केली होती. गिरणीतली एकटी राहणारी माणसं दोन वेळ तिच्याकडे जेवत. तिच्या बोटांना मसाल्याचा पिवळा रंग बसला होता. माझी बायको आत बोलावत होती, तरी ती उंबऱ्याच्या आत आली नाही. घरी मी यातलं काही सांगितलेलं नव्हतं.

"भाऊ, माझो घोव रोज कामार जाय होतो," ती म्हणाली. "तां तुम्ही रोज बघलास. माका दुसरा काय नको. बघलास तां लिवन देवा."

मी तिला म्हणालो, मी बोलतोय वकीलसाहेबांशी. ती माझ्या बायकोला "येतंय" म्हणून गेली. बायकोने विचारलं, काय लिहून द्यायचंय? मी सांगितलं, गिरणीचं काहीतरी आहे.

वकीलसाहेबांनी कागद तयार करून माझ्याकडे पाठवला होता. सहीची जागा तेवढी मोकळी. मी तो चार दिवस कपाटात ठेवला. रोज गिरणीत जाताना आज सही करायची असं ठरवत होतो. मुलींची शाळा, खोलीचं भाडं, वडिलांचं औषध, हे सगळं खरं होतं. यातलं काहीच मी बनवून सांगत नाही. पण ही सगळी कारणं त्या माणसाच्या घरातही होती, आणि तिथे पाय नव्हता. पाचव्या दिवशी मी तो कागद सही न करता परत पाठवला. स्वतः गेलो नाही. मुलीच्या हाती पाठवला.

त्यानंतर वकीलसाहेब जिन्यात भेटले तर बाजूला होऊन वाट देत.

हायकोर्टाने भरपाई थोडी वाढवली. पाय गेल्याबद्दल, सोसलेल्या दुखण्याबद्दल. कमाईबद्दलचा खालच्या कोर्टाचा निष्कर्ष तसाच ठेवला, कारण वेगळं काही दाखवणारा पुरावा समोर नव्हता. त्या पैशांत डोक्यावरची देणी फिटली. त्याच्या मनात पिठाची छोटी गिरणी घालायची होती, बसून करता येईल असं काम. ते राहून गेलं.

वर्षभराने मला नोकरी बदलायची संधी आली. फोर्टमधल्या एका कचेरीत, पगारही बरा. मी गिरणी सोडली. म्हणजे नंतर मी जे केलं त्यात मला गमवायचं काहीच राहिलं नव्हतं. माफी मागायला मला धैर्य लागलं, असं कुणी म्हणू नये म्हणून हे लिहितो आहे.

महाराष्ट्र राज्य झालं, त्या आठवड्यात आमच्या चाळीत रोषणाई होती. समितीने माझा सत्कार करायचं ठरवलं. फळ्याच्या सेवेबद्दल नारळ आणि शाल. वकीलसाहेबांच्या हस्ते द्यावी असं कुणीतरी सुचवलं. त्यांनी तब्येत बरी नाही असं कळवलं. मला त्या निरोपाचा अर्थ समजला. सत्काराच्या आदल्या दिवशी मी समितीला नाही म्हणून सांगितलं आणि दुसऱ्या दिवशी दुपारी ट्राम पकडून डिलाईल रोडला गेलो.

दुपारच्या जेवणाची वेळ होती. लहानशा खोलीत दहाबारा माणसं, बहुतेक अपघातानंतर गिरणीत आलेली, दोन रांगांत जेवायला बसली होती. तो कोपऱ्यात भिंतीला टेकून, राहिलेला पाय पसरून कांदे चिरत होता. केस बरेच पिकले होते. मला पाहून त्याने "या, भाऊसाहेब" म्हटलं, जसं खिडकीशी म्हणत असे तसंच. त्याच्या बायकोने काही न बोलता माझ्यासाठीही पाट मांडला. मी तिथे बसलो. सगळे उठले की त्याच्याशी हळूच बोलायचं, असं मी ठरवून आलो होतो.

जेवणाऱ्यांत एक तरुण साचेवाला होता, गावाहून नवाच आलेला. तो उशिरा उठून पाळी चुकवतो म्हणून यजमान त्याला बोलत होता. रोज वेळेवर जावं, साचा दुसऱ्याच्या हातात गेला की परत मिळत नाही, असं काहीतरी.

"तुम्ही नका सांगू, काका," तो तरुण भात कालवत म्हणाला. "तुम्ही कधी कामाला जात होतात? हायकोर्टात जाऊन आलात, तिथेपण कुणाला तुमची हजेरी सापडली नाही."

दोघंतिघं हसले. त्यात दुष्टपणा नव्हता. ही थट्टा तिथे रोजची असावी, कारण त्यानेही हसल्यासारखं केलं आणि खाली मान घालून कांदा चिरत राहिला. त्याची बायको हातात भाताचं पातेलं घेऊन उभी होती. ती माझ्याकडे पाहत होती.

तेव्हा मला कळलं, की भरपाई केव्हाच हातची गेली होती आणि या घरात अजून जे चाललं होतं ते वेगळं होतं. तो रोज काम करणारा माणूस होता, हे त्याच्याच खोलीत कुणी मानत नव्हतं. आणि हळूच, एकट्याला गाठून मागितलेल्या माफीने ते बदललं नसतं. ती माझ्यापुरती सोयीची होती.

मी उठून उभा राहिलो. सगळे जेवायचे थांबले.

"मी त्या गिरणीत टाइमकीपर होतो," मी म्हणालो. "हे चौदा महिने रोज कामावर होते. एक दिवस चुकला नाही. भावाच्या तिकिटावर होते, आणि मी रोज त्यांना समोर बघून भावाच्या नंबरावर खूण करत होतो. कोर्टात मला विचारलं तेव्हा मी सांगितलं नाही. नंतर वकिलांनी लिहून मागितलं, तेही दिलं नाही. नोकरी जाईल म्हणून. हे खोटं बोलले नव्हते. मी त्यांना खोटं पाडलं."

त्या तरुणाने हात ताटातून बाहेर काढला होता. मी वळून कोपऱ्यात बसलेल्या यजमानाकडे पाहिलं. त्याने विळी बाजूला ठेवली होती आणि तो माझ्या पायांकडे बघत होता, वर नाही.

"तुमचा पाय लॉरीने घेतला," मी म्हणालो. "बाकीचं मी घेतलं. ते आता मला परत देता येत नाही. मला माफ करा. वहिनी, तुम्हीही."